बागेला आच्छादन कोणत्या ऋतूत घालावे आणि केव्हा काढावे? (सातारा)

परसबाग सातारा यांचा प्रश्न

नमस्कार. आमचे घर साताऱ्यात अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याच्या बाजूला असून घराभोवती साधारण दोन गुंठे मोकळी जागा आहे. जमीन तांबूस, मुरमाड आणि उताराची आहे. पावसाळ्यात पाणी थांबत नाही आणि संक्रांत उलटली की वरची माती भुकटी होऊन उडू लागते. बागेत आंब्याचे अजून न फळलेले कलम, पेरू, कागदी लिंबू, शेवगा, जास्वंद, मोगरा आणि गुलाब आहेत. भाजीचे चार वाफे आहेत, त्यांत पावसाळा सोडला तर वर्षभर काही ना काही असते. उन्हाळ्यात पाणी फार जपून वापरावे लागते, म्हणून यंदा आच्छादनाचे, म्हणजे माती पालापाचोळ्याने झाकण्याचे, काम नीट नियोजन करून करायचे ठरवले आहे.

अडचण अशी की केव्हा घालावे याबद्दल मिळालेले सल्ले एकमेकांशी जुळत नाहीत. रोपवाटिकेत सांगितले की होळीच्या सुमारास घाला, कारण खरी गरज उन्हाळ्यात असते. कोरेगावकडे शेती करणारे आमचे मामा म्हणतात की दिवाळीच्या आत घातले नाही तर उपयोग अर्धाच. इंग्रजीत वाचलेल्या बहुतेक माहितीत वसंत आणि शरद असे दोन काळ दिलेले असतात आणि हिवाळ्यापूर्वी जाड थर द्या असे सांगितलेले असते. पावसाळ्यात आच्छादन ठेवावे की पूर्ण काढावे, याविषयी तर प्रत्येकाचे मत वेगळे आहे. आपल्या भागातील ऋतूंप्रमाणे हे काम कसे बसवावे आणि त्यामागचे कारण काय, हे अनुभवी मंडळींनी सविस्तर सांगावे अशी विनंती.

---

कृष्णाकाठ वाई यांचे उत्तर

ताई, नमस्कार. आपल्या मामांचे म्हणणे आपल्या जमिनीला अधिक लागू पडते. त्याचे कारण समजले की बाकीचे वेळापत्रक आपोआप जुळत जाईल.

प्रथम त्या इंग्रजी माहितीविषयी. ती चुकीची नाही, पण ती ज्या देशांसाठी लिहिलेली आहे तिथे हिवाळ्यात जमीन गोठते. रात्री गोठणे आणि दिवसा वितळणे असे वारंवार झाले की माती फुगते, खचते आणि कोवळी रोपे मुळांसकट वर उचलली जातात. ते होऊ नये म्हणून तिथे जमीन गार झाल्यानंतर जाड थर देतात. वसंतात मात्र तोच थर मातीला लवकर ऊब मिळू देत नाही, म्हणून तो बाजूला सारतात आणि माती तापल्यावर पुन्हा घालतात. साताऱ्यात यांपैकी कोणतीच अडचण येत नाही. आपल्याकडे अडचणी दोन आहेत. जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत वर्षाचे बहुतेक सगळे पाणी येते आणि उताराने वाहून जाते. त्यानंतरचे आठ महिने जमीन हळूहळू कोरडी पडत जाते आणि एप्रिल-मे महिन्यांत उघड्या मातीचा पृष्ठभाग भर दुपारी पन्नास अंशांच्याही पुढे तापतो. आपले नियोजन या दोन गोष्टींभोवतीच बसवावे लागते.

आता मुख्य मुद्दा. आच्छादन जमिनीत पाणी निर्माण करत नाही, आहे ती स्थिती टिकवते. ओल असताना घातले तर ओल टिकते आणि कोरड्या मातीवर घातले तर कोरडेपणा टिकतो. म्हणूनच आपल्याकडचे जुने शेतकरी वाफशाला, म्हणजे मातीत चिखल नाही पण पुरेशी ओल आहे अशा स्थितीला, एवढे महत्त्व देतात. सुभाष पाळेकर यांनी नैसर्गिक शेतीची जी चार अंगे सांगितली, त्यांत बीजामृत आणि जीवामृत यांच्याबरोबर आच्छादन आणि वाफसा ही दोन शेजारी-शेजारी येतात, ती याच कारणाने. वाफसा ओळखण्यासाठी चार बोटे खोलीवरची मूठभर माती काढून मुठीत दाबावी. तिचा गोळा झाला, हाताला चिखल लागला नाही आणि गोळा कमरेच्या उंचीवरून खाली सोडल्यावर फुटून विखुरला, तर आच्छादनाची वेळ झाली असे समजावे. गोळा चपटा होऊन तसाच राहिला तर दोन-तीन दिवस थांबावे. गोळाच झाला नाही तर आधी पाणी द्यावे.

ही स्थिती साताऱ्यात नैसर्गिकरीत्या येते ती हस्त आणि चित्रा नक्षत्रांच्या पावसानंतर, म्हणजे ऑक्टोबरच्या दुसऱ्या पंधरवड्यात. परतीचा पाऊस थांबला, आकाश निवळले आणि सकाळी गवतावर दव दिसू लागले की मोठे आच्छादन याच वेळी घालावे. तण मुळासकट काढून वरची दोन बोटे माती खुरप्याने हलकी करावी, पूर्ण कुजलेले शेणखत पसरावे आणि त्यावर तीन इंच जाडीचा थर द्यावा. सुकी पाने वापरणार असाल तर सहा इंच घालावीत, कारण ती काही आठवड्यांतच दबून निम्मी होतात. एका चौरस मीटरला तीन इंच थर म्हणजे सुमारे ७५ लिटर साहित्य, म्हणजे चार-पाच घमेली. आपल्या बागेला किती लागेल याचा अंदाज त्यावरून बांधता येईल. खोडाभोवती मात्र वीतभर जागा उघडी ठेवावी. खोडाला टेकलेल्या ओल्या थराखाली साल कुजते आणि तो रोग वरून दिसेपर्यंत बराच आत शिरलेला असतो.

दिवाळीनंतर थंडीत विशेष काही करावे लागत नाही. खरे काम पुन्हा निघते ते माघ-फाल्गुनात. तोपर्यंत ऑक्टोबरचा थर खालून कुजून पातळ झालेला असतो आणि नेमकी त्याच वेळी पिंपळ, बदाम, कडुलिंब, शिरीष या झाडांची पानगळ सुरू असते. रस्त्याकडेला पेटवून दिली जाणारी ही पाने म्हणजे उन्हाळ्याची शिदोरी आहे, ती गोळा करून महाशिवरात्रीच्या आगेमागे दुसरा थर द्यावा. साग आणि बदाम यांची मोठी पाने तशीच घालू नयेत. ती एकावर एक चिकटून बसतात आणि पाणी आत जाऊ देत नाहीत, म्हणून पायाखाली तुडवून किंवा कोयत्याने तोडून घालावीत.

होळीच्या सल्ल्यातही तथ्य आहे, मात्र त्याला एक अट आहे. तोपर्यंत मुरमाड जमिनीची ओल बरीच खाली गेलेली असते, म्हणून त्या वेळी पहिल्यांदाच आच्छादन घालणाऱ्याने आदल्या संध्याकाळी मुळांपर्यंत पोहोचेल असे भरपूर पाणी देणे भाग आहे.

एप्रिल-मे महिन्यांत एक गोष्ट सहज नजरेतून सुटते. वळवाचा हलका शिडकावा, दोन-चार मिलिमीटरचा, सुकलेला जाड थर बहुतांशी स्वतःच शोषून घेतो आणि माती कोरडीच राहते. पाऊस पडला म्हणून पाणी देणे थांबवू नये. थर बाजूला सारून बोटाने माती तपासावी आणि मगच ठरवावे. पाणी देतानाही नळी थराच्या वर धरण्यापेक्षा त्याच्या खाली घातलेली चांगली.

मृगाचा पाऊस सुरू झाला की थर पूर्ण काढावा हे मत मला आपल्या उताराच्या जमिनीसाठी पटत नाही. उघड्या मातीवर टपोरे थेंब आदळले की तिचे कण सुटतात, छिद्रे बुजतात आणि माती पाण्याबरोबर चालू लागते. शिवाय चिखलाचे शिंतोडे खालच्या पानांवर उडतात आणि वांगी-टोमॅटोवरचे बरेच बुरशीजन्य रोग मातीतून पानावर याच मार्गाने येतात. म्हणून जूनमध्ये थर इंचभर ठेवावा, खोडाभोवतीची मोकळी जागा वीतभरावरून हातभर करावी आणि काढलेले साहित्य उताराला आडवे, पट्ट्यांच्या रूपाने रचावे. पाण्याचा वेग त्याने कमी होतो आणि ऑक्टोबरपर्यंत त्याचेच खत झालेले असते.

भाजीच्या वाफ्यांना ऋतूपेक्षा पिकाचे वय महत्त्वाचे. मेथी, कोथिंबीर, पालक पेरल्यावर आच्छादन घालू नये. रोपे चार बोटे वर आली की ओळींमध्ये वाळलेले बारीक गवत पसरावे. वांगी, मिरची, टोमॅटो यांची रोपे लावून दोन-तीन आठवड्यांनी, ती जीव धरून उभी राहिल्यावर घालावे.

---

काळी माती, मिरज यांचे उत्तर

वरील उत्तर मुरमाड आणि उताराच्या जमिनीसाठी अगदी योग्य आहे. परंतु हा धागा पुढे सांगली-मिरज भागातले वाचकही वाचतील, म्हणून काळ्या, सपाट जमिनीविषयी लिहितो. इथे पावसाळ्याचा हिशेब वेगळा होतो.

काळी माती पाणी धरून ठेवते आणि सोडताना फार वेळ घेते. जुलै-ऑगस्टमध्ये सलग आठवडाभर झड लागली की मुळांना हवा मिळत नाही, आणि अशा वेळी जमिनीवरचा जाड थर तिला सुकूच देत नाही. म्हणून आर्द्रा नक्षत्र लागण्याच्या सुमारास आम्ही झाडांच्या आळ्यांतला थर पूर्ण उचलतो आणि वाफ्यांच्या मधल्या वाटांवर टाकतो. वाटेवर चिखल होत नाही, तण येत नाही आणि साहित्यही वाया जात नाही. वाफे वीतभर उंच केलेले असतील तर त्यांवर पातळ थर राहिला तरी चालतो.

पावसाळ्यातला थर काढण्याचे दुसरे कारण म्हणजे शंखी गोगलगाय. दिवसा ती ओल्या पालापाचोळ्याखाली दडते आणि रात्री कोवळी रोपे जमिनीलगत कुरतडते. ज्या बागेत तिचा उपद्रव आहे तिथे जून ते सप्टेंबर रोपांजवळ आच्छादन ठेवणे म्हणजे तिला आसरा देणे होय. गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटे संध्याकाळी बागेत अंथरून ठेवावीत, सकाळी त्यांखाली जमलेल्या गोगलगायी हातमोजे घालून किंवा चिमट्याने उचलून साबणाच्या दाट पाण्यात टाकाव्यात. हे काम पहिल्या पावसापासूनच सुरू केले पाहिजे, कारण एकदा त्यांनी मातीत अंडी घातली की संख्या आवाक्यात राहत नाही.

उन्हाळ्याकडे वळायचे तर काळ्या जमिनीला आच्छादनाची जी गरज आहे ती मुरमाड जमिनीला नसते, आणि ती म्हणजे भेगा रोखणे. ही माती ओली असताना फुगते आणि वाळताना आकसते. मार्चनंतर उघड्या जमिनीला हात जाईल एवढ्या भेगा पडतात, त्यांत बारीक मुळे तुटतात आणि भेगेतून खालची ओलही उडून जाते. भेग दिसू लागल्यावर वर पालापाचोळा पसरून ती मिटत नाही. म्हणून आमच्याकडे जमीन पायाला चिकटायची थांबली की लगेच, काही वर्षी ऑक्टोबरअखेर तर काही वर्षी नोव्हेंबरचा पहिला आठवडा उजाडल्यावर, थर द्यावा लागतो. ही मुदत फार थोडी असते, कारण काळी माती चिखलातून ढेकळांकडे फार लवकर जाते.

कृष्णाकाठच्या वाचकांसाठी महापुराविषयीही सांगणे आवश्यक वाटते. २००५, २०१९ आणि २०२१ या तिन्ही वर्षी सांगली परिसरातील असंख्य बागा पाण्याखाली गेल्या. पुरात आच्छादन तरंगून जाते किंवा एका कोपऱ्यात जमते आणि मागे राहतो तो गाळाचा गुळगुळीत थर. तो वाळला की त्याची पापडी होते आणि ती मुळांकडे जाणारी हवा अडवते. अशा वेळी ओल आहे म्हणून लगेच नवे आच्छादन घालू नये. गाळाला वाफसा येऊ द्यावा, कुदळीने पापडी फोडून खालच्या मातीत मिसळावी, झाडाच्या बुंध्याशी साचलेला गाळ पूर्वीच्या पातळीपर्यंत उकरून काढावा आणि झाडाला नवी पालवी दिसली की मग थर द्यावा. पुराबरोबर वाहून आलेला पालापाचोळा मात्र बागेत वापरू नये. त्यात काचा, प्लास्टिक आणि तणांचे बी असते.

---

माणदेशी बाग यांचे उत्तर

दहिवडीकडून लिहीत आहे. सातारा शहरात वर्षाला साधारण १००० मिलिमीटर पाऊस पडतो, आमच्याकडे त्याच्या निम्माही भरवशाचा नाही, आणि जो पडतो त्यात सप्टेंबरचा वाटा मोठा असतो. त्यामुळे माण, खटाव, आटपाडी, जत या पट्ट्यात ऑक्टोबरची वाट पाहत बसणे परवडत नाही. जूनमध्ये किंवा जुलैमध्ये, जेव्हा केव्हा पहिला दमदार पाऊस होईल आणि ओल वीतभर खाली उतरेल, तेव्हा वाफसा येताच थर द्यावा आणि तो वर्षभर ठेवावा. आमच्याकडे पावसाळ्यात मुळे कुजण्याची भीती फार थोडी आणि दोन पावसांमधल्या तीन-चार आठवड्यांच्या उघडिपीची भीती मोठी असते. ज्या पाण्याचा पुन्हा भरवसा नाही ते उघड्यावर उडू देणे योग्य नाही.

साहित्याचाही प्रश्न आहे. कडबा, भुसा ही जनावरांची वैरण आहे आणि दुष्काळी भागात ती बागेत पसरणे मनाला पटत नाही. त्याऐवजी तुरीच्या काड्या, सोयाबीनच्या मळणीत उरलेला जाड भाग, नारळाच्या शेंड्या आणि गिरिपुष्पाच्या हिरव्या फांद्या वापराव्यात. कुंपणाला गिरिपुष्प लावले तर वर्षातून दोन-तीन वेळा छाटणी मिळते, त्याच्या पानांत नत्र भरपूर असते आणि ती लवकर कुजतात. मोठ्या झाडांसाठी आमच्या भागात मुबलक असलेले चपटे दगडही उपयोगी पडतात. आळ्यात दगड एकमेकांना लागून मांडले तर त्यांच्याखालची माती एप्रिलमध्येही गार लागते, वाळवीला त्यात खाण्यासारखे काही नसते आणि वाऱ्याने ते उडूनही जात नाहीत. लहान रोपांजवळ मात्र दगड नकोत, कारण दुपारी तापलेला दगड कोवळ्या खोडाला चटका देतो.

ताईंच्या कागदी लिंबाविषयी एक सूचना. फळझाडाचा बहार धरायचा असेल तर आच्छादनाचे वेळापत्रक त्या झाडापुरते बदलावे लागते. आंबे बहारासाठी, म्हणजे आंब्याच्या मोहोराच्या सुमारास येणाऱ्या फुलांसाठी, नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये पाणी तोडून झाडाला ताण देतात. आळ्यात तीन इंच थर असेल तर ओल हटत नाही, ताण बसत नाही आणि फुलांऐवजी नुसती पालवी फुटते. म्हणून ज्या लिंबाचा किंवा डाळिंबाचा बहार धरायचा आहे त्याचे आळे ताणाच्या काळात उघडे ठेवावे. जानेवारीत खत देऊन पाणी सुरू केले की त्याच आठवड्यात पुन्हा झाकावे. आंबा अजून फळत नसेल तर त्याला ताण देण्याचा प्रश्नच नाही, त्याला वर्षभर झाकून ठेवावे. तो फळू लागला की मोहोर फुटेपर्यंत आळे मोकळे ठेवावे आणि फळ वाटाण्याएवढे झाल्यावर पाणी व आच्छादन दोन्ही द्यावे.

---

परसबाग सातारा

आपण सर्वांनी इतक्या आस्थेने लिहिले याबद्दल मनापासून आभारी आहे. लिंबाला ताणाच्या काळात उघडे ठेवायचे असते ही गोष्ट मला अगदी नवी आहे.

आणखी काही शंका आहेत. मामांकडे ऊसतोड झाल्यावर पाचट भरपूर उरते आणि ते आणून देण्यास तयार आहेत. पण पाचटाने झाडे पिवळी पडतात असे ऐकले आहे, ते खरे आहे का? दुसरे असे की वाळलेल्या पाचटात साप-विंचू येतात आणि उन्हाळ्यात आगीची भीती असते, या कारणाने घरच्यांचा विरोध आहे. महाबळेश्वर-पाचगणीकडे स्ट्रॉबेरीला जो प्लास्टिकचा रुपेरी कागद अंथरतात, तो घरच्या बागेत वापरावा का? आणि गच्चीवर तुळस, मोगरा आणि कढीपत्ता यांच्या कुंड्या आहेत. त्यांनाही हेच वेळापत्रक लागू होते का?

---

गच्चीवरची बाग, सांगली यांचे उत्तर

कुंड्यांपुरते सांगते. कुंडीतली माती चारही बाजूंनी तापते आणि पाणी खालून निघून जाते, त्यामुळे तिथे नक्षत्रांपेक्षा उन्हाकडे पाहावे. फेब्रुवारीच्या मध्यापासून मेअखेरपर्यंत एक ते दीड इंच थर ठेवावा. नारळाच्या शेंड्यांचे तुकडे किंवा भुईमुगाची टरफले कुंडीसाठी उत्तम, मात्र टरफलांत दाणे राहिलेले नाहीत ना हे पाहावे, नाहीतर उंदीर येतात. मोगऱ्याची फेब्रुवारीत छाटणी करून, खत घालून, भरपूर पाणी देऊन लगेच झाकावे, म्हणजे चैत्रातल्या कळ्यांना ओलीचा खंड पडत नाही. जूनमध्ये सगळ्या कुंड्या उघड्या कराव्यात. तुळशीला ओल मुळाशी साचलेली अजिबात सोसत नाही, तिला हिवाळ्यातही उघडेच ठेवावे आणि उन्हाळ्यात अगदी पातळ थर द्यावा.

---

कृष्णाकाठ वाई यांचे उत्तर

मिरजेच्या आणि माणच्या मित्रांनी फार मोलाची भर घातली आहे. आपल्या बागेला दोन्हींतले थोडे थोडे लागू पडते, त्यामुळे ज्या वर्षी जुलैत पाऊस लांबेल त्या वर्षी माणच्या पद्धतीने चालावे आणि जिथे सपाटीला पाणी साचते तेवढ्या भागात मिरजेच्या पद्धतीने.

ताई, पाचटाविषयी जे ऐकले त्यात अर्धे सत्य आहे. पाचटात नत्राच्या मानाने कर्ब शंभरपटीच्या आसपास असतो, त्यामुळे ते कुजवणारे जिवाणू आपल्या वाढीसाठी आजूबाजूचे नत्र ओढून घेतात. पाचट मातीत गाडले तर ही ओढ मुळांपाशीच होते आणि झाड पिवळे पडते. पृष्ठभागावर राहिले तर ती वरच्या पातळ थरापुरती मर्यादित राहते. म्हणून पाचट कधीही खुरप्याने मातीत मिसळू नये. ऊस शेतीत पाचट लवकर कुजावे यासाठी एका टनाला ८ किलो युरिया, १० किलो सिंगल सुपर फॉस्फेट आणि १ किलो कुजवणारे जिवाणू असे प्रमाण वापरतात. त्या हिशेबाने आपल्याला दहा किलो पाचटाला ८० ग्रॅम युरिया आणि १०० ग्रॅम सुपर फॉस्फेट पुरेल. रासायनिक खत नको असेल तर पाचटावर शेणकाल्याचे पाणी शिंपडावे आणि त्याखाली गिरिपुष्पाची किंवा शेवग्याची हिरवी पाने पसरावीत. पाचटाच्या कडा धारदार असतात, अंगभर कपडे आणि हातमोजे घालूनच ते हाताळावे. हातभर लांबीचे तुकडे केले तर ते नीट बसते. मामांना सांगून नोव्हेंबर ते मार्च या गळीत हंगामात लागेल तसे थोडे थोडे आणवावे, एकदम ट्रॉलीभर आणून ढीग लावून ठेवू नये.

साप-विंचवाची भीती खरी आहे आणि घरच्यांचे म्हणणे मोडून काढण्यासारखे नाही. तीन इंचांच्या दबलेल्या थरात सापाला सहसा जागा होत नाही; धोका असतो तो ढिगात आणि भिंतीलगतच्या अडगळीत. म्हणून घराच्या भिंतीपासून आणि पायवाटेपासून दीड-दोन हात अंतर उघडे, झाडलेले ठेवावे. थर हलवताना आधी लांब दांड्याच्या दाताळ्याने उचलून पाहावा आणि मगच हात घालावा. फुरसे आपल्या मुरमाड माळांवर सर्रास आढळते, त्याचा रंग वाळलेल्या पानांत मिसळून जातो, तेव्हा संध्याकाळनंतर थरात हात घालणे पूर्णपणे टाळावे. आगीचेही तसेच. कुंपणाबाहेरचे गवत उन्हाळ्यात अनेक ठिकाणी पेटवले जाते, म्हणून कुंपणाच्या आतल्या बाजूने मीटरभराचा पट्टा मोकळा ठेवावा आणि मार्चनंतर पाचटाच्या थरावर मुठी-मुठीने माती किंवा कुजलेले खत विखरावे. त्याने थर दबतो, वाऱ्याने उडत नाही आणि सहज पेटही घेत नाही.

वाळवी दिसली तर घाबरू नये, ती आधी मेलेले साहित्य खाते. मात्र थर खोडाला टेकू देऊ नये आणि आळ्यात निंबोळी पेंड घालावी. यापेक्षा मुळे खाणाऱ्या हुमणी अळीकडे लक्ष द्यावे. वळवाच्या पहिल्या चांगल्या पावसानंतर संध्याकाळी तिचे भुंगेरे बाहेर पडून कडुलिंब आणि बाभळीवर जमतात आणि नंतर मातीत अंडी घालतात. कच्चे शेण घातलेल्या जागेत अळ्यांची वाढ अधिक होते, म्हणून आच्छादनाखाली घालायचे शेणखत पूर्ण कुजलेलेच हवे.

रुपेरी कागद स्ट्रॉबेरीला योग्य आहे, कारण ते हंगामी पीक आहे, सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये लावून उन्हाळ्यात संपते आणि फळ मातीला टेकू न देणे हा तिथला मुख्य हेतू असतो. कायमच्या झाडांखाली तो नको. त्याने मातीला काहीच मिळत नाही, वरचा पाऊस आत जात नाही आणि उन्हाने फाटलेले तुकडे पुढे अनेक वर्षे मातीत सापडत राहतात. लव्हाळा तर तो कागदही भोकसून वर येतो. लव्हाळ्यासाठी कोणतेही आच्छादन पुरेसे नाही, त्याच्या गाठी खणूनच काढाव्या लागतात, आणि ते काम आच्छादनापूर्वी म्हणजे सप्टेंबरअखेर करून घ्यावे. हराळीचेही तसेच. बाकीच्या साध्या तणांसाठी वर्तमानपत्राचे सात-आठ पदर ओले करून मातीवर अंथरावेत आणि त्यावर पाचट घालावे; पुढच्या पावसाळ्यापर्यंत कागद कुजून जातो.

गुलाबांची पावसाळ्यानंतरची छाटणी आपण ऑक्टोबरमध्येच करत असाल, तर आधी छाटणी, मग खत, मग पाणी आणि शेवटी थर हा क्रम ठेवावा. छाटलेल्या फांद्या आणि काळे ठिपके पडलेली पाने आच्छादनात मिसळू नयेत, ती वेगळी काढून नष्ट करावीत.